मेयोचे मस्यू

एकट्याने जेवायला आलेल्या माणसाला मस्यूंनी कधी भिंतीकडे तोंड करून बसू दिलं नाही. जोडपी, ऑफिसातले घोळके, वाढदिवसाची मंडळी यांना ते जागा असेल तिथे बसवत. पण दारातून कुणी एकटं आत आलं, ओला कोट हातावर घेऊन जरासं ओशाळत ‘एकच’ म्हणालं, की मस्यू त्याला सरळ खिडकीजवळच्या टेबलाशी नेत. तिथून रस्ता दिसायचा आणि आतली सगळी ब्रासरी, म्हणजे ती फ्रेंच खाणावळही. मॅनेजर कुरकुरायचा, चौघांचं टेबल एकाला देऊन कसं चालेल म्हणून. मस्यू म्हणायचे, “चौघांना एकमेकांची तोंडं आहेत बघायला. याला काय आहे?”

बारा वर्षांपूर्वी नोव्हेंबरातल्या एका शनिवारी मीही अशीच आत शिरले. पुण्याहून डब्लिनला येऊन सहा आठवडे झाले होते. नवऱ्याच्या व्हिसाचे कागद कुठेतरी अडकले होते आणि मी सँडीफोर्ड उपनगरात ऑफिसजवळच एका बाईंच्या घरात खोली घेऊन राहत होते. आठवडा कामात जायचा. शनिवारी मात्र खोली खायला उठायची. मग मी लुआस ट्राममध्ये बसायची आणि ती जिथे संपेल तिथे उतरायची. तेव्हा ती स्टीफन्स ग्रीनला संपायची. त्या दिवशी वाऱ्याने छत्री उलटी केली, मी गल्लीतलं पहिलं दिसलं ते दार ढकललं, आणि ते ब्रासरीचं निघालं.

काळं जाकीट, घोट्यापर्यंत पांढरा एप्रन, उंच आणि किंचित पुढे वाकलेले एक सत्तरीचे गृहस्थ समोर आले. त्यांनी मला खिडकीशी बसवलं, मेनू दिला. तो फ्रेंचमध्ये होता आणि खाली बारीक अक्षरात इंग्रजी. मला बीफ चालत नाही, एवढं मी आधीच सांगून टाकलं. त्यांनी माझ्या हातातलं कार्ड अलगद काढून घेतलं. “मग हे वाचायचे कष्ट कशाला? पावसात भिजून घरी आलात की तुमच्याकडे काय देतात?”

“आमटीभात,” मी म्हटलं, आणि आमटीला इंग्रजीत काय म्हणतात ते मला सुचेना. “म्हणजे डाळ असते. पातळ. गरम.”

ते आत गेले आणि दहा मिनिटांनी हिरवट मसुरांचं एक खोलगट ताट घेऊन आले. मसूर कांदा-गाजरात शिजवलेले, वर लोण्याचा गोळा विरघळत होता. सोबत बटाटे. त्यावर नेहमी सॉसेज असतं, ते त्यांनी काढायला लावलं होतं. “ही आमच्याकडची आमटी,” ते म्हणाले. दोन घास खाल्ले आणि माझे डोळे वाहायला लागले. त्यांनी जाता जाता टेबलावर आणखी एक नॅपकिन ठेवला आणि पुढे गेले.

निघताना त्यांनी माझं नाव विचारलं. ‘वृषाली’ हे नाव ऑफिसात सहा आठवड्यांत कुणाला नीट घेता आलं नव्हतं. मस्यूंनी ते तीनदा माझ्याकडून म्हणवून घेतलं, ओठांची हालचाल बघितली, आणि त्यानंतर ते एकदाही चुकले नाहीत. “नाव चुकीचं घेणं म्हणजे माणसाला दुसऱ्याच्याच टेबलावर बसवणं,” असं ते म्हणायचे. मग दर शनिवारी मी तिथे जाऊ लागले. नवरा, समीर, आला तेव्हा त्यालाही घेऊन गेले. पुढे रेवा झाली, ती पोटात असताना गेले, आणि ती दोन महिन्यांची झाल्यावर तिला घेऊन गेले.

जवळजवळ वर्षभर मी त्यांना फ्रेंच समजत होते. सगळं गिऱ्हाईक त्यांना ‘मस्यू’, म्हणजे फ्रेंचमधलं ‘साहेब’, म्हणायचं. त्यांचं इंग्रजी फ्रेंच वळणाचं होतं, ते ‘बॉन्जूर’ने स्वागत करायचे आणि स्वयंपाकघराच्या खिडकीतून ऑर्डर फ्रेंचमध्येच सांगायचे, आत ब्राझीलची आणि पोलंडची मुलं होती तरी. एका सप्टेंबरात आम्ही रविवारी दुपारी गेलो, तर मस्यू कुठे दिसेनात. मागच्या कोठीच्या खोलीतून रेडिओचा आवाज येत होता. पश्चिमेकडच्या मेयो काउंटीचा संघ गेलिक फुटबॉलच्या अंतिम सामन्यात होता. मेयो अंतिम सामन्यात पोचते आणि हरते, हे आयर्लंडमध्ये शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. थोड्या वेळाने मस्यू बाहेर आले. डोळे लाल. आमच्या टेबलाशी येऊन अस्सल पश्चिमेकडच्या हेलात म्हणाले, “समोर गोल मोकळा होता आणि युअर मॅनने बाहेर मारला.” ‘युअर मॅन’ म्हणजे ‘तो पठ्ठ्या’, हे खास आयरिश बोलणं.

मी त्यांच्याकडे बघतच राहिले. ते भानावर आले, एप्रन सारखा केला. “मी मेयोचा,” ते म्हणाले. “कुणाला सांगू नका. म्हणजे सगळ्यांना माहीत आहे. पण सांगू नका.”

त्यांचं खरं नाव मार्टिन. घरची चार एकर दगडाळ जमीन, पाच भावंडं. इंग्लंडमध्ये बांधकामावर दोन वर्षं काढून ते डब्लिनला आले आणि बियरची पिंपं पोचवणाऱ्या गाडीवर कामाला लागले. ही ब्रासरी त्यांच्या वाटेवर होती. ती एका फ्रेंच बाईंनी काढली होती. त्यांना सगळे मादाम म्हणत. मादामनी त्यांना तळघरात पिंप उतरवताना तीन-चार वेळा पाहिलं आणि एक दिवस थांबवून म्हणाल्या, “ज्याला पिंप आवाज न करता ठेवता येतं, त्याला ताट ठेवता येईल. सोमवारपासून ये.” सोमवारी ब्रासरी बंद असायची. हे दारावर पोचल्यावर त्यांना कळलं.

माझी आई कागलजवळच्या आमच्या गावाहून पहिल्यांदा आली तेव्हा मी तिला ब्रासरी दाखवायला नेलं. तिला थंडी सोसत नव्हती, काटे-चमच्यांचा वैताग आला होता, आणि हा एवढा म्हातारा माणूस आपल्याला वाढतोय याची तर तिला फारच अडचण वाटत होती. मस्यूंनी तिच्यापुढे ताट ठेवलं तशी ती मान वर करून सरळ त्यांनाच म्हणाली, “आवं, तुमी जेवलासा का? मगापासनं उभंच हायसा.”

मस्यूंनी माझ्याकडे पाहिलं. मी अर्थ सांगितला. त्यांनी खुर्चीच्या पाठीवर हात टेकला. मग म्हणाले, “अठ्ठेचाळीस वर्षं मी लोकांना वाढतोय. बसलेल्या माणसाने मला हे आजवर विचारलं नव्हतं.” ते वाक्य त्यांनी आईकडून शिकून घेतलं. कोल्हापुरी हेलासकट. पुढे मी कधीही गेले की दारातच विचारायचे, “जेवलासा का?” आणि मी शुद्ध मराठीत ‘नाही अजून’ म्हटलं की त्यांना ते अपुरं वाटायचं.

ब्रासरीची मालकी तोवर एका कंपनीकडे गेली होती. मादाम जाऊन बरीच वर्षं झाली होती, त्यांना मूल नव्हतं. कंपनीने नवा मेनू छापायला घेतला आणि मागच्या पानावर ब्रासरीचा इतिहास टाकायचं ठरवलं. एका जाहिरातवाल्याने तो लिहून दिला. मस्यूंनी तो मला वाचायला दिला. त्यात झुंबरांविषयी होतं, जस्ताच्या पत्र्याच्या काउंटरविषयी होतं, ‘अस्सल फ्रेंच परंपरा’ दोनदा होतं. मादामचा उल्लेख कुठेच नव्हता.

“तुम्ही कॉम्प्युटरवाल्या,” ते म्हणाले. “मी सांगतो, तुम्ही लिहून द्याल?”

“माझं इंग्रजी ऑफिसातलं आहे, मस्यू. रिपोर्ट लिहिते मी.”

“तेच ग्रँड. रिपोर्टात झुंबरं नसतात.”

त्या वसंतात पाच-सहा शनिवार मी सकाळी दहालाच जायची. बारापर्यंत दार उघडायचं नसायचं. ते काटे-सुऱ्या पुसत सांगायचे, मी लॅपटॉपवर टाइप करायची. रेवा टेबलाखाली खेळायची. इतकं शांत, इतकं उजेडाचं ते ठिकाण मी पुन्हा कधी अनुभवलं नाही. मोठ्या आरशांत रस्त्यावरच्या बस उलट्या दिशेने जायच्या, आतून पाव भाजल्याचा वास यायचा, आणि मस्यू चमचा उजेडात धरून एखादं साल आठवायचा प्रयत्न करायचे.

मादाम ल्योंच्या. ल्यों हे फ्रान्समधलं खाण्यापिण्यासाठी नावाजलेलं शहर. तिथल्या रेशीम विणणाऱ्यांच्या टेकडीवर त्यांचं माहेर. डब्लिनच्या एका वाइनच्या व्यापाऱ्याशी लग्न करून त्या इथे आल्या. दोघांनी ही जागा घेतली, आणि दुसऱ्याच वर्षी नवरा वारला. सगळ्यांनी त्यांना सांगितलं, आता माघारी जा. त्या म्हणाल्या, मी काउंटर आत्ताच बसवलाय. तेव्हाच्या डब्लिनकरांना कांद्याचं सूप माहीत नव्हतं. वरचं करपलेलं चीज बघून लोक ते परत पाठवत. मग मादाम स्वतः चमचा घेऊन बाहेर येत, गिऱ्हाइकाच्या शेजारी बसत आणि त्याच्याच वाडग्यातून अर्धं खात. उरलेलं अर्धं तो खायचा. मस्यूंच्या म्हणण्याप्रमाणे अख्ख्या शहराला त्यांनी असं अर्ध्या-अर्ध्या वाडग्याने सूप शिकवलं. रेस्टॉरंट आणि ब्रासरी यांतला फरक विचारला की मादाम सांगत, “रेस्टॉरंटला वेळ असते. ब्रासरीत तुम्हाला भूक लागेल ती वेळ.”

मस्यू सांगत त्या इतिहासात मंत्री आणि नट फार थोडे होते. ते येऊन गेले, एवढंच ते म्हणत. त्यांना आठवायची ती दर गुरुवारी चार वाजता येणारी शाळामास्तरीण. विधवा, करड्या कोटातली. एक ऑम्लेट, एक ग्लास पांढरी वाइन, एक तास. तेव्हा एकट्या बाईने असं बसणं लोकांना खटकायचं. एकदा शेजारच्या टेबलावरच्या माणसाने काहीतरी टोमणा मारला. मादामनी त्याची प्लेट उचलली, त्याचा कोट आणून दिला, आणि मास्तरणीला म्हणाल्या, “तुमच्या खिडकीतून आता जास्त दिसेल.” ती बाई पुढे एकोणीस वर्षं येत राहिली. त्या दिवसापासून एकट्या माणसाचं टेबल खिडकीचं, हा ब्रासरीचा नियम झाला.

“आणि तुमची फ्रेंच?” मी एका शनिवारी विचारलं.

त्यांनी काटा खाली ठेवला. सोमवारी, बंदच्या दिवशी, मादाम त्यांना तीन ते पाच बसवून घेत. पुस्तक नाही, फळा नाही. समोर बसायचं आणि बोलायचं. बाजारात काय मिळालं, कुणाच्या अंगणात कुठलं झाड होतं, आजी काय म्हणायची. पहिली दोन वर्षं मस्यू नुसते ऐकत. मग बोलू लागले. “मला वाटायचं, वेटरला फ्रेंच यायला हवी म्हणून शिकवतायत. पण गिऱ्हाईक सगळं डब्लिनचं. फ्रेंच बोलणारं कोण येत होतं? एवढं साधं मला इतकी वर्षं कळलं नाही.”

ते कळलं मादामच्या शेवटच्या आजारात. हॉस्पिटलमध्ये मादामचं इंग्रजी गेलं. चाळीस वर्षं बोललेली भाषा चार दिवसांत पुसली गेली, आणि त्या फक्त माहेरचं बोलू लागल्या. नर्सेसना काही समजेना. त्यांनी ब्रासरीत फोन केला. मस्यू एप्रनवरच गेले. मादाम तळमळत होत्या, नर्स पाणी पुढे करत होती. मस्यूंनी ऐकलं आणि सांगितलं, “त्यांना पाणी नकोय. खिडकी उघडायला सांगतायत.” पुढचे नऊ दिवस ते तिथेच बसून होते. “त्या एकट्या मरू नयेत म्हणून त्यांनी मला तयार केलं होतं,” ते म्हणाले. “त्यांनाही हे माहीत नसेल. पण मला तयार केलं होतं.” मग त्यांनी काटा उचलला आणि पुसलेलाच पुन्हा पुसला.

माझी रेवा मराठी सगळं समजते आणि उत्तर डब्लिनच्या इंग्रजीत देते. त्या दिवशी लुआसमध्ये मी तिला खिडकीतून दिसेल त्या प्रत्येक गोष्टीचं मराठी नाव सांगत राहिले. ती कंटाळून झोपली.

मादाम गेल्यावर मस्यूंना ती भाषा बोलायला कुणी उरलं नाही. फ्रेंच प्रवासी येत, पण ते इंग्रजीच बोलत. एकदा पॅरिसचं एक तरुण जोडपं आलं. मस्यूंनी त्यांच्याशी फ्रेंचमध्ये बोलायला सुरुवात केली तसं ते दोघं एकमेकांकडे बघून हसले. मुलगी म्हणाली, तुम्ही अगदी माझ्या पणजीसारखे बोलता. ती प्रेमाने म्हणाली असेल. पण मस्यूंनी त्यांची ऑर्डर मग इंग्रजीत घेतली. ते आयुष्यात कधी फ्रान्सला का गेले नाहीत, ते मला तेव्हा उमगलं. मी विचारलं तेव्हा त्यांनी कबूलही केलं. “तिथे मला हसले तर चालेल. पण माझ्यात जे बोलतं ते मादामचं आहे. त्यांना हसले तर?”

मी लिहिलेली तीन पानं कंपनीने परत केली. फार लांब आहेत म्हणाले. मेनूवर झुंबरंच छापली गेली. आणि पुढे काही वर्षांनी, आता त्याला तीन वर्षं होतील, इमारत विकली गेली. तिथे हॉटेल व्हायचं होतं. शेवटचा शनिवार ठरला. मस्यूंनी माझी ती पानं शोधून काढली, शंभर प्रती काढून आणल्या आणि त्या दुपारी प्रत्येक टेबलावर मेनूबरोबर एक ठेवली. कंपनीची काही बोलायची आता सोय नव्हती.

त्या दुपारी ब्रासरीत फार विचित्र शांतता होती. लोक वाचत होते. खिडकीपासून तिसऱ्या टेबलावर एक साठीतले गृहस्थ बायकोबरोबर बसले होते. ते उठले, कागदावर बोट ठेवून मस्यूंकडे आले. “ही गुरुवारची मास्तरीण,” ते म्हणाले. “करडा कोट. शाळा कुठली होती?”

मस्यूंनी शाळा सांगितली.

“माझी आई,” ते म्हणाले. “गुरुवारी तिला उशीर व्हायचा. आम्हा भावंडांना सांगायची, वह्या तपासत बसते. आमचा विश्वास होता.” त्यांनी कागदाची घडी केली. “ती इथे खूश असायची का?”

“एक तास,” मस्यू म्हणाले. “पण पूर्ण तास.” मग त्यांनी त्या गृहस्थांना मास्तरणीच्या टेबलाशी नेऊन बसवलं आणि एक ऑम्लेट सांगितलं. फ्रेंचमध्ये. आतून ब्राझीलच्या मुलाने फ्रेंचमध्येच ‘हो’ म्हटलं.

ब्रासरी बंद झाल्यावर मस्यू आमच्याकडे रविवारी जेवायला येऊ लागले. ते स्वयंपाकघरात मला मदत करू बघत आणि मी त्यांना बसवत असे. ते वाळत चालले होते. कपडे तसेच कडक इस्त्रीचे, पण माणूस आत कमी कमी. मी म्हटलं, “मस्यू, चला ल्योंला. आम्ही तिघं येतो बरोबर.” त्यांनी मान हलवली आणि तेच कारण सांगितलं. रेवा तेव्हा आठ वर्षांची होती. ती वरणभात खाता खाता तिच्या इंग्रजीत म्हणाली, “पण मादाम तशा बोलायच्या, म्हणजे त्यांची आई तशी बोलत असणार. शेजारीपण. मग तिथे अजून कुणीतरी तसं बोलतच असेल ना?”

“या मुलीला वकील करा,” मस्यू समीरला म्हणाले. मे महिन्यात आम्ही गेलो.

टेकडीवर चढायला त्यांना दोनदा थांबावं लागलं. मादामचं घर होतं तिथे मोबाइलचं दुकान झालेलं. शेजारचा चौक मात्र तोच, असं ते म्हणाले, कारण त्यात मादामनी सांगितलेली चिनाराची झाडं होती. नुकताच पाऊस पडून गेला होता. बाकावर एक खूप वयस्कर बाई पिशवी घेऊन बसल्या होत्या. मस्यूंनी टोपी काढली आणि त्यांना काहीतरी विचारलं. बाईंनी मान वर केली, काहीतरी म्हणाल्या, आणि पिशवीतून एक फडकं काढून त्यांच्यासाठी बाकाची दुसरी बाजू पुसू लागल्या. मस्यू हसायला लागले. हसता हसता बसले आणि मग त्यांनी डोळ्यांवर हात धरला.

मी घाबरून जवळ गेले. “काय म्हणाल्या त्या?”

“म्हणाल्या, थांबा, पात आहे माझ्याकडे,” मस्यू म्हणाले. “फडक्याला पात. बाकी फ्रान्समध्ये याचा अर्थ जनावराचा पंजा. फडक्याला असं फक्त या टेकडीवर म्हणतात, आणि आमच्या ब्रासरीत.” मग ते पुन्हा त्या बाईंकडे वळले. बाई त्यांना एकामागून एक विचारत होत्या, आणि मस्यू आम्हाला मधूनमधून सांगत होते: विचारतायत, तुम्ही कुठल्या गल्लीतले, कुणाच्या घरातले, इतकी वर्षं कुठे होता.

“मग काय सांगितलंत?” समीरने विचारलं.

“खरं सांगितलं. मेयोचा. त्यांना वाटलं, मेयो म्हणजे नदीपलीकडची कुठली तरी वस्ती.”

दोन तास ते तिथे बोलत बसले. आम्ही चौकाच्या दुसऱ्या टोकाला आइसक्रीम खात बसलो आणि त्या दोघांकडे पाहत राहिलो. मी त्यांना कधी असं हातवारे करताना पाहिलं नव्हतं. ती दोन म्हाताऱ्यांची कुजबुज, पोपटी पानं, ओला दगड. अजून कधी कामाच्या मीटिंगमध्ये मन भरकटलं की ते तिथे जाऊन बसतं.

त्याच शरद ऋतूत ते बहिणीकडे मेयोला राहायला गेले. डब्लिनच्या भाड्यात एकट्याने राहणं त्यांना झेपेना. मी त्यांना ह्यूस्टन स्टेशनवर सोडायला गेले. एकच सुटकेस होती. गाडी लागली होती. मला म्हणायचं होतं खूप, पण मी चहा घेणार का, डबा घेतलाय का, असलंच बोलत राहिले. ते म्हणाले, “वृषाली, शनिवारी एकट्या कुठे जेवू नका.” आणि चढले. मी गाडी दिसेनाशी होईपर्यंत तिथे उभी होते आणि मग सरळ घरी न जाता उगीचच ग्रीनपर्यंत गेले. ब्रासरीभोवती पत्रे लागले होते.

तिकडून त्यांचे फोन यायचे. सुरुवातीला हवेविषयी. मग एकदा जरा संकोचून म्हणाले, की गावच्या सभागृहात सोमवारी ते काही जणींना फ्रेंच बोलायला शिकवतात. सहाजणी आहेत. एक पोस्टातून निवृत्त झालेली, दोघी शेतकरी, एक त्यांची बहीणच. “पुस्तक नाही,” ते म्हणाले. “नुसतं समोरासमोर बसतो.” मी विचारलं, त्यांना फ्रान्सला जायचंय का? “छे. त्यांना घराबाहेर पडायचंय.”

गेल्या फेब्रुवारीत ते गेले. झोपेतच. बहिणीचा फोन आला. आम्ही तिघं पहाटे निघून साडेतीन तास गाडी चालवत पोचलो. समुद्राकाठचं छोटं चर्च, माणसांनी भरलेलं, सगळ्यांच्या कोटांना पावसाचा वास. पाद्री ‘आपले मार्टिन’ म्हणत होता आणि मला ते कुणा दुसऱ्याविषयी वाटत होतं. मग पुढच्या बाकावरून सहा बायका उठल्या. साध्या, लोकरी कोटातल्या, पन्नाशीच्या, साठीच्या, एक तर काठी टेकत. त्या शवपेटीजवळ जाऊन उभ्या राहिल्या आणि त्यांनी मृतासाठीची प्रार्थना फ्रेंचमध्ये म्हटली.

मला फ्रेंच येत नाही. पण त्या जे स्वर लांबवत होत्या, जिथे आवाज खाली आणत होत्या, ते मी चौकातल्या त्या बाकाशी ऐकलं होतं. रेवाने माझी बाही ओढली आणि हळूच विचारलं, “मादाम अशाच बोलायच्या?” मी हो म्हटलं. मादामना मी कधी पाहिलं नव्हतं. त्यांना जाऊनही आता इतकी वर्षं झाली. पण त्या चर्चमध्ये भरून राहिलेलं बोलणं त्यांचं होतं, त्यांच्या आईचं आणि त्या टेकडीचं होतं, आणि बोलणाऱ्या सहाही जणी मेयोच्या होत्या.